वाचकांचे प्रश्न : एसटी लागते, तरी अंतराळवीर होता येईल का?

शुभांशू शुक्ला स्पेस स्टेशनवर जाऊन आले तेव्हापासून या सदराच्या पत्रांचा नूरच बदललाय. आधी कसं, ग्रहणात जेवायचं का, मंगळावर पाणी सापडलं का, असलं असायचं. आता थेट 'मला जायचंय, फॉर्म कुठे मिळतो' असं विचारतात. सत्तावीस वर्षं कॉलेजात फिजिक्स शिकवलं, पण फॉर्म कुठे मिळतो म्हणून कोणी विचारलं नव्हतं हो, त्यामुळे यावेळची सगळी जागा याच पत्रांना देतेय. नावं नेहमीसारखी छापत नाही, फक्त गाव.

मॅडम, मी दहावीत आहे आणि मला अंतराळवीर व्हायचंय. बाबा म्हणतात आधी नीट नाहीतर जेईई दे, मग बघू. मग बघू म्हणजे कधी? नक्की काय शिकायचं ते कोणी सांगतच नाही. (विद्यार्थिनी, परभणी)

बाबांवर चिडू नकोस गं, त्यांना तरी कोणी सांगितलंय. आपल्याकडे अंतराळवीर असा कोर्स नाही, त्याची सीईटी नाही, कॉलेज नाही. आजपर्यंत इथून जी वाट खरोखर चाललीय ती हवाई दलाची. इस्रोच्या गगनयानसाठी, म्हणजे आपल्याच यानातून माणूस अंतराळात पाठवायच्या मोहिमेसाठी, निवडलेले प्रशांत नायर, अजित कृष्णन, अंगद प्रताप आणि शुभांशू शुक्ला हे चौघंही हवाई दलाचे टेस्ट पायलट, आणि चौघंही आपल्या खडकवासल्याच्या एनडीएतून, म्हणजे राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीतून, निघालेले. १९८४ ला गेलेले राकेश शर्मासुद्धा एनडीएचेच. धरणाच्या चौपाटीवर कणीस खात उभे राहतो ना आपण, त्याच पाण्याला लागून आहे ती.

तर वाट अशी, की अकरावी-बारावीला फिजिक्स आणि मॅथ्स सोडायचं नाही, बारावीच्या वर्षात यूपीएससीची एनडीए परीक्षा द्यायची, ती वर्षातून दोनदा असते, मग एसएसबीचा, म्हणजे सैन्याच्या निवड मंडळाचा, पाच दिवसांचा इंटरव्ह्यू, पायलट व्हायचं तर त्यात मशीनवरची एक वेगळी टेस्ट असते आणि ती आयुष्यात एकदाच देता येते, नापास तर नापास, मग मेडिकल, मग तीन वर्षं खडकवासला, पुढे हैदराबादजवळ दुंडीगलला विमान शिकायचं, मग स्क्वाड्रनमध्ये बरीच वर्षं उडायचं, आणि त्यातून जे फार चांगले ठरतात ते बंगलोरला टेस्ट पायलटचा कोर्स करतात. दम लागला ना वाचताना? शुक्ला २००६ च्या जूनमध्ये हवाई दलात अधिकारी झाले आणि अंतराळात गेले २५ जून २०२५ ला. मधे एकोणीस वर्षं गेली. बाबांचं 'मग बघू' त्या मानाने बरंच जवळचं आहे.

मुलींना एनडीए २०२२ पासून उघडली, आणि पहिल्या तुकडीतल्या १७ मुली मे २०२५ मध्ये पास होऊन बाहेर पडल्यासुद्धा. आता तुझ्या कामाचं ऐक. राज्य सरकारची सैनिकी सेवापूर्व शिक्षण संस्था आहे, सगळे एसपीआय म्हणतात, मुलांची संभाजीनगरला १९७७ पासून आणि मुलींची नाशिकला २०२३ पासून. तिथे अकरावी-बारावी करता करता एनडीएची तयारी करून घेतात आणि प्रवेशाची परीक्षा दहावीच्याच वर्षात असते. म्हणजे तुझ्यासाठी ती आत्ताच आहे, हे पत्र छापून येईपर्यंत थांबू नको म्हणून वेगळं उत्तरही पाठवलंय.

परदेशातून जायचं म्हणशील तर नासाला अमेरिकेचं नागरिकत्व लागतं, सायन्स किंवा इंजिनिअरिंगची मास्टर्स लागते, वर कामाचा नाहीतर विमान उडवण्याचा अनुभव. २०२५ च्या बॅचला आठ हजारांवर अर्ज होते आणि घेतले दहा. कल्पना चावलांचं बघ, १९८२ ला चंदीगडहून इंजिनिअर, १९८८ ला तिकडे पीएचडी, १९९४ च्या डिसेंबरात निवड, १९९७ ला पहिली फेरी.

नीट दिलीस तरी सगळं पाण्यात जात नाही बरं का, प्रत्येक अंतराळवीरामागे विमान-वैद्यक शिकलेला डॉक्टर असतो, आपल्या चौघांची तपासणी बंगलोरच्या हवाई दलाच्या एरोस्पेस मेडिसिन संस्थेतच झाली. पण तुला स्वतः जायचंय असं पत्रावरून दिसतंय, मग एनडीए.

लेकीच्या शाळेत स्पेस स्टेशनवरच्या जेवणाचा तक्ता केला होता तेव्हापासून डोक्यात आहे, ही माणसं तिथं पोळी-भाजी खातात का? आणि लघवीचं पाणी पितात म्हणे, खरं का हे? ई! (गृहिणी, कोल्हापूर)

पोळीचं उत्तर जवळपास हो, पाण्याचं पक्कं हो. ई म्हणा, पण हो.

पोळीचं आधी. ब्रेड तिथे चालत नाही, कारण तुकडा मोडला की चुरा पडतो, म्हणजे पडत नाही हीच तर भानगड, तो तरंगत राहतो, कोणाच्या डोळ्यात जातो, पंख्याच्या जाळीत जाऊन बसतो. म्हणून अमेरिकन लोक तिथे टॉर्टिया खातात, मैद्याच्या नाहीतर मक्याच्या पिठाची ती चपाती. म्हणजे आपली घडीची पोळी मऊ असेल तर आरामात चालली असती. भाकरीचं मात्र अवघड दिसतं, आणि चिवडा तर विसराच, एक मूठ उघडली की फोडणीतले शेंगदाणे आठ दिवस कुठेकुठे सापडत बसतील. मीठ-मिरपूडसुद्धा भुरभुरवत नाहीत, मीठ पाण्यात आणि मिरपूड तेलात कालवून थेंब थेंब टाकतात. शुक्लांनी सोबत गाजर हलवा, मूग डाळ हलवा आणि आमरस नेला होता. बघा, तिन्ही चिकट. चिकट पदार्थ चमच्याला धरून राहतो, म्हणून तिथे त्याची सोय होते. राकेश शर्मांच्या वेळीही म्हैसूरच्या डीआरडीओच्या अन्न प्रयोगशाळेनेच पदार्थ करून दिले होते.

आणखी एक, कोल्हापूरकरांना आवडेल असं. वजन जाणवेनासं झालं की अंगातलं पाणी पायांकडे ओढलं जात नाही, वर सरकतं, चेहरा सुजल्यासारखा होतो आणि नाक चोंदतं. सर्दीत जेवण कसं बेचव लागतं तसं होतं मग. म्हणून तिथे तिखट सॉसला भारी मागणी असते. ठेचा पाठवायला हरकत नाही, पण खलबत्त्यात कोरडा कुटलेला नको, तेलातला.

आता ते पाणी. लघवी, घाम, श्वासातून जाणारी वाफ, सगळं गोळा करून, उकळून, गाळून परत पिण्याचं पाणी करतात. २०२३ मध्ये नासाने सांगितलं की अमेरिकन भागातलं ९८ टक्के पाणी असं परत मिळायला लागलंय. करणार काय, टँकर बोलवायची सोय नाही आणि प्रत्येक लिटर रॉकेटवर चढवायला प्रचंड खर्च. शिवाय आपण तरी नदीचं पाणी पितो ना, वरच्या गावाने त्यात काय काय सोडलंय याची चौकशी न करता? त्यांचं निदान मोजून तपासलेलं असतं.

विचारायला लाज वाटते पण संडासला कसं जातात? (नाव-गाव देऊ नये)

लाज कसली, मला सगळ्यात जास्त हाच प्रश्न येतो. लघवीला नळी आणि तिला फनेल, दुसऱ्यासाठी लहानसं भोक असलेली सीट, आणि दोन्हीकडे पाण्याऐवजी हवा ओढून घेणारा पंखा, व्हॅक्युम क्लीनरसारखा. पाय अडकवून बसायचं, नाहीतर आपणच तरंगायला लागतो. नासाच्या स्पेस शटल यानांच्या काळात ह्युस्टनच्या ट्रेनिंग केंद्रात सरावाची एक सीट होती आणि तिच्या आत खालून कॅमेरा, समोर स्क्रीनवर बघून नेम बरोबर आहे का ते शिकायचं. उच्चशिक्षित, हजारो तास विमान उडवलेली माणसं, आणि शिकतायत काय तर नीट बसायचं कसं. पहिला अमेरिकन अंतराळवीर अॅलन शेपर्ड १९६१ च्या मे महिन्यात यानात बसला तेव्हा फेरी पंधरा मिनिटांची म्हणून काहीच सोय केलेली नव्हती. उड्डाण काही तास लांबलं, आणि शेवटी त्याने परवानगी मागून सूटमध्येच उरकलं. तेव्हापासून लोक नीट विचार करायला लागले.

मी एसटीच्या वर्कशॉपमधून रिटायर झालो. टीव्हीवर बघतो तर यान आपोआप जातं, आपोआप जोडलं जातं, आपोआप उतरतं. मग या लोकांना दोन-दोन वर्षं ट्रेनिंग कशाला? बसून जायचं नि बसून यायचं. (सातारा)

साहेब, हे तुम्ही विचारावं! गाडी रोज सुरू होते म्हणून डेपोत मेकॅनिक कशाला, असं कोणी म्हटलं असतं तर तुम्ही पान्हा घेऊन धावला असता.

सगळं ठीक असेल तर खरंच फार काही करावं लागत नाही. सिम्युलेटरवर मात्र सगळं ठीक असं कधी नसतंच. शिकवणारे मुद्दाम बिघाड घालतात, एक निस्तरतोय तोवर दुसरा, आणि तुमचा आवाज चढतो का, शेजाऱ्याचं ऐकायचं तुम्ही बंद करता का ते बघत बसतात. यात माणूस कळतो.

१९६५ च्या मार्चमधली गोष्ट सांगते. रशियाचे लिओनॉव्ह आणि बेल्यायेव्ह व्होस्खोद-२ मधून गेले होते. लिओनॉव्ह यानाबाहेर पडलेला जगातला पहिला माणूस, पण बाहेर त्याचा सूट फुग्यासारखा फुगला, परत आत शिरता येईना, तेव्हा त्याने स्वतःच सूटमधली हवा थोडी थोडी सोडली आणि कसाबसा घुसला. एवढ्यावर भागलं नाही. परतताना तुम्ही म्हणता ते 'आपोआप' बंद पडलं, हाताने यान उतरवावं लागलं, आणि ते ठरल्या जागेपासून कितीतरी लांब उरलच्या बर्फाळ जंगलात जाऊन पडलं. दोन रात्री तिथे काढल्या त्यांनी. म्हणून आजही रशियात ट्रेनिंग घेणाऱ्याला बर्फात नेऊन सोडतात, पॅराशूटच्या कापडाचा तंबू करा, शेकोटी पेटवा, सोबत्याला जखम झालीय असं समजून त्याला उचलून न्या. आपले चौघंही २०२० मध्ये हे सगळं करून आलेत. आपली गगनयानची कुपी समुद्रात उतरणार आहे, पण म्हणून काय झालं, ठरल्या जागीच उतरेल असं कोण सांगावं.

मग पाणी. ह्युस्टनला ६२ मीटर लांब, ३१ मीटर रुंद आणि १२ मीटर खोल तलाव आहे, त्यात स्टेशनच्या तुकड्यांच्या प्रतिकृती बुडवून ठेवल्यात. सूट घालून खाली सोडतात, आणि वजनं अशी लावतात की माणूस बुडतही नाही वरही येत नाही. बाहेर तासाभराचं काम असेल तर त्यासाठी सहा-सात तास पाण्यात सराव होतो. आणि काम काय? नट काढणं, केबल जोडणं. तुमचंच काम. फक्त हातमोजा असा फुगून कडक झालेला की दरवेळी मूठ मिटायची म्हणजे टेनिसचा बॉल दाबल्यासारखं, आणि पान्हा दोरीने बांधलेला नसेल तर गेला तो कायमचा.

१६ जुलै २०१३ ला इटलीचा लुका पार्मितानो असाच बाहेर काम करत होता, तर मानेमागे ओलं लागायला लागलं. आधी वाटलं प्यायच्या पिशवीचं पाणी असेल. तसं नव्हतं, सूट थंड ठेवणाऱ्या यंत्रणेतलं पाणी हेल्मेटमध्ये येत होतं, आणि तिथे पाणी खाली जात नाही, चिकटून पसरतं. कानात गेलं, मग डोळ्यांवर, मग नाकावर. त्यात सूर्य मावळला. दिसत नाही, ऐकू नीट येत नाही, श्वास घ्यायचा तर तोंडात पाणी जायची भीती. हा माणूस घाबरून हातपाय मारत बसला नाही, आपल्या कमरेची सुरक्षा-दोरी कुठल्या बाजूला ओढतेय ते जाणून तिच्या मागे मागे दारापर्यंत आला. नंतर हेल्मेटमधून दीड लिटरच्या आसपास पाणी निघालं. हे ऐन वेळी सुचत नाही साहेब, हात त्या वाटेने शंभर वेळा गेलेला असतो तेव्हा होतं.

बाकी रोजचं काम विचाराल तर निम्मं घरकाम. फिल्टर बदला, पंप खोला, सामान मोजा, शनिवारी व्हॅक्युम घेऊन सगळं स्टेशन पुसा. बारीकसारीक कामाचा कंटाळा येणाऱ्याने तिथे जाऊच नये असं माझं मत आहे, मग तो कितीही हुशार असो.

मुलीला (वय ११) स्पेसचं वेड आहे. एका क्लासने 'ज्युनियर अॅस्ट्रॉनॉट' कॅम्प काढलाय, तीन दिवस, पस्तीस हजार, सर्टिफिकेट मिळतं. पाठवू का? (आई, पुणे)

नको. पैसे जास्त झाले असतील तर पाठवा, पण त्या सर्टिफिकेटला निवडीच्या टेबलावर कोणी हात लावत नाही. आमच्याच सोसायटीतला एक पोरगा असल्याच एका कॅम्पला गेला होता, तीन दिवस थर्माकोलचं रॉकेट चिकटवलं, निळा ड्रेस घालून फोटो काढला आणि ड्रेस परत घेतला! पोरगं ड्रेससाठी रडत घरी आलं.

तिला पोहायला शिकवा, चांगलं, खोल पाण्यात. सिंहगड चढवा, पाऊस असताना सुद्धा. घरातली मिक्सर-सायकल जी काय बंद पडेल ती तिच्या हातात द्या. नववीत गेली की इस्रोचा युवा विज्ञानी कार्यक्रम असतो, युविका म्हणतात, निवड झाली तर सुट्टीत इस्रोच्या केंद्रात राहून शिकायला मिळतं आणि खर्च इस्रो करते.

आणि हे तर आजपासून करता येईल. स्पेस स्टेशन आपल्या गच्चीवरून नुसत्या डोळ्यांनी दिसतं, संध्याकाळी अंधार पडल्या पडल्या किंवा पहाटे, न लुकलुकता सरळ जाणारा ठळक ठिपका, चार-पाच मिनिटांत या टोकाचा त्या टोकाला. कधी दिसेल त्या वेळा नासाच्या 'स्पॉट द स्टेशन' अॅपवर गावानुसार मिळतात. तिथली माणसं अधूनमधून हॅम रेडिओवर, म्हणजे हौशी लोकांच्या वायरलेसवर, शाळकरी मुलांशी बोलतात, शुक्लाही बोलले होते, आणि त्यांचा आवाज १४५.८०० मेगाहर्ट्झवर ऐकता येतो, तेव्हा ते आपल्या आकाशातून जात असायला हवेत एवढंच. ओळखीत कोणी हॅमवाला असेल तर त्याच्याकडे मुलीला घेऊन जा, ही माणसं फार हौसेने दाखवतात, चहा पण पाजतात.

माझं वय ६४, हाडं ठिसूळ झालीत, डॉक्टर चालायला सांगतात. अंतराळवीरांचीही हाडं झिजतात असं वाचलं, ते तर तरुण असतात ना? (नागपूर)

तरुण असोत नाहीतर कोणी, हाडाला भार लागला नाही की शरीर म्हणतं एवढं कशाला सांभाळायचं. व्यायाम केला नाही तर खुब्याचं हाड महिन्याला एक ते दीड टक्का विरळ होतं तिथे. म्हणून रोज दोन तास व्यायाम सक्तीचा. ट्रेडमिलवर पळताना रबरी पट्ट्यांनी स्वतःला खाली ओढून बांधून घेतात, आणि डंबेल तर बिनवजनाचं, मग निर्वात नळकांड्याच्या ओढीवर जोर काढायचं एक मशीन आहे. एवढं करून सुद्धा परत आल्यावर उभं राहणं नव्याने शिकावं लागतं. सुनीता विल्यम्स २८६ दिवसांनी आल्या त्यानंतर त्यांना कित्येक आठवड्यांचं पुनर्वसन होतं. शुक्ला तर वीसच दिवसांत आले, तरी परतल्यावर हातातला मोबाइल जड लागला म्हणे, आणि एकदा लॅपटॉप पलंगाच्या कडेला हवेतच सोडून दिला, तरंगेल म्हणून. तेव्हा काकू, डॉक्टर सांगतायत ते ऐका, आणि तुम्हाला पट्ट्यांनी बांधून घ्यावं लागत नाहीये यात समाधान माना.

हॉस्टेलला आम्ही तिघं एका खोलीत आहोत आणि सहा महिन्यांत दोघांशी बोलणं बंद झालंय. ते लोक कसे राहतात हो? (इंजिनिअरिंगचा विद्यार्थी, नांदेड)

निवडताना बघतात रे, आणि निवडल्यावर ट्रेनिंगमध्येही. पाठीवर सॅक देऊन डोंगरात सोडतात, युरोपवाले सार्डिनियाच्या गुहांत कित्येक दिवस ठेवतात, अमेरिकन लोक फ्लोरिडाच्या समुद्राखालच्या खोलीत ठेवायचे. थकला, भिजला, भूक लागली की माणूस खरा कसा आहे ते कळतं. शेवटचं बिस्किट कोण खातं, चुकल्यावर 'माझं चुकलं' आधी कोण म्हणतं, एवढ्यावर बरंच ठरतं. तिथे झोपायला टेलिफोन बूथएवढी खोली, भिंतीला बांधलेली झोपायची पिशवी, आणि तोंडासमोर हवा खेळती ठेवावी लागते नाहीतर स्वतःच्याच उच्छ्वासाचा ढग नाकाशी साचतो. त्यात रुसून बसणार कुठे? तू आज जाऊन एकाशी तरी बोल, चहाला चल म्हण.

मी सातवीत आहे. मला एसटी लागते, जत्रेतल्या आकाशपाळण्यात पण उलटी झाली. दादा म्हणतो तू कसला अंतराळवीर होणार. होता येईल का? (चिपळूण)

दादाला हे मोठ्याने वाचून दाखव. अंतराळात जाणाऱ्या निम्म्याहून जास्त जणांना पहिले दोन-तीन दिवस मळमळतं, डोकं दुखतं, काहींना उलट्या होतात. १९६१ मध्ये अंतराळात गेलेला दुसरा रशियन, गेरमान तितोव्ह, फायटर पायलट, त्यालाही झालं. शुक्लांनी स्वतः सांगितलं की वर गेल्यावर बरं वाटत नव्हतं आणि खूप झोपलो. आणि गंमत म्हणजे खाली ज्याला गाडी लागते त्यालाच वर त्रास होईल असं नाही, कधी कधी उलटंच होतं. एनडीएच्या वाटेने गेलास तर विमानात सवय होईपर्यंत त्रास काढावा लागेल हे खरं, पण बऱ्याच जणांचा तो जातो.

का होतं ते सांगते. कानाच्या आत बारीक खडे असतात, ते खाली झुकले की मेंदूला कळतं खाली कुठे आहे. स्टेशन ४०० किलोमीटरवर आहे, तिथे गुरुत्वाकर्षण नसतं असं पुष्कळ जण म्हणतात, तुझे सर म्हणाले तरी हळूच सांग, तिथे जमिनीच्या जवळजवळ ९० टक्के असतं. मग तरंगतात कसे? तर स्टेशन आणि आतली माणसं सगळे एकत्र पडतायत, पण तासाला सुमारे २८ हजार किलोमीटर वेगाने आडवे जात असल्यामुळे पडता पडता पृथ्वीला वळसा घालतात, दिवसाला सोळा वेळा. सगळंच एकत्र पडतंय म्हटल्यावर ते खडे कुठेच झुकत नाहीत, आणि डोळे सांगतात एक, कान सांगतो दुसरं, पोट मात्र ढवळून निघतं. आकाशपाळणा वरून खाली येताना पोटात गोळा येतो ना, तसलाच, फक्त तो संपत नाही.

हे घरी बघता येतं. प्लास्टिकची बाटली घे, बुडाजवळ खिळ्याने भोक पाड, बोटाने दाबून पाणी भर, झाकण लावू नको. बोट काढलंस की धार लागेल. आता दादाला खाली अंगणात उभा कर आणि गच्चीवरून बाटली सरळ सोड, फेकायची नाही, सोडायची, आणि दादाला म्हण धारेकडे बघ. बाटली पडत असेपर्यंत धार बंद! पाणी पण पडतंय, बाटली पण पडतेय, कोण कोणाला ढकलणार? मी दरवर्षी हे कॉलेजच्या दुसऱ्या मजल्यावरून करायचे, मागचे बाकवाले सुद्धा खिडकीशी यायचे. मोबाइलवर स्लो मोशनमध्ये घे म्हणजे नीट दिसेल आणि मला पाठव. गच्चीच्या कठड्यावर चढायचं नाही, आणि बाटली तुळशीवर पडली तर आजीला माझं नाव सांगू नकोस.